पालथ्या देशातली वेधशाळा

आखाजीच्या, म्हणजे अक्षय्य तृतीयेच्या, दिवसांत धुळ्यातली दुपार बंद होते. दुकानांची शटरं अर्ध्यावर येतात, रिक्षावाले कडुनिंबाखाली रिक्षा लावून मागच्या सीटवर आडवे होतात, आणि आमच्या गल्लीत एकेका घराचं दार आतून लागत जातं. कूलरची घरघर सोडली तर माणसाची चाहूल नाही. मीही दार लावते, खिडक्यांवर जाड पडदे ओढते आणि पुस्तक घेऊन बसते. कॉलेजच्या ग्रंथालयात सारी नोकरी झाली. हातात पुस्तक असलं की नुसतं बसण्यालाही कारण मिळतं. यंदा मात्र पान उलटत नाही. डोळे पुन्हा पुन्हा समोरच्या भिंतीकडे जातात. भिंत कोरी आहे. कोरीच असणार. या घराच्या दाराला भोक नाही.

धरणगावच्या आमच्या घराच्या दाराला होतं. सागवानी फळीतली एक गाठ कधीतरी सुकून निखळली होती आणि तिच्या जागी तुरीच्या दाण्याएवढं भोक राहिलं होतं. पुढची खोली, मागची खोली, तिच्यामागे न्हाणी, एवढंच घर. पुढच्या खोलीला रस्त्याकडून खिडकी नव्हती. वडील जिनिंगमध्ये कामाला होते. कापसाचा हंगाम सरला की उन्हाळाभर त्यांची दुपार घरीच जायची. जेवणं झाली की आई मागच्या दाराला ओलं गोणपाट लावायची, पुढच्या दाराची कडी घालायची आणि आम्हाला दम द्यायची, "बाहेर पाय ठेवाना नही. ऊन लागी जाई." मग ते दोघं मागच्या खोलीत झोपायचे. मी आणि माझा धाकटा भाऊ मधू पुढच्या खोलीतल्या काळोखात गार फरशीला गाल लावून पडून राहायचो.

काळोखाची सवय व्हायला डोळ्यांना वेळ लागतो. तोवर नुसते वास असायचे. ओल्या गोणपाटाचा, कोपऱ्यात पोत्यावर पसरलेल्या कैऱ्यांचा, गच्चीवरून आणून टोपलीत रचलेल्या बिबड्यांचा, म्हणजे ज्वारीच्या पापडांचा. मग समोरच्या निळसर चुन्याच्या भिंतीवर काहीतरी हलायला लागायचं. आधी डाग. मग डागांना रंग. आणि मग एकदम, कुणी कानात सांगितल्यासारखं कळायचं, की तो हिरवा डाग म्हणजे समोरच्या घराचा ओटा आहे आणि तो छताजवळ उलटा टांगलेला आहे. रस्ता वर, आभाळ खाली. पहिल्या दिवशी त्या रस्त्याला खुरं चिकटवून एक शेळी उलटी चालत गेली, तेव्हा मधूने माझं मनगट इतकं घट्ट धरलं की त्याची नखं रुतली.

"अक्का, ती पडेल," तो कुजबुजला.

ती पडली नाही. तिच्यामागून सायकलवाला आला, तोही पडला नाही. त्याच्या कॅरिअरवरची दुधाची किटली उलटी होती आणि एक थेंब सांडत नव्हता. समोर रहीमचाचा पिंजारी पालाखाली बसून गाद्यांचा कापूस पिंजत असत. उन्हाळा म्हणजे त्यांच्या घाईगर्दीचे दिवस. अख्खा मोहल्ला जुन्या गाद्या फोडून त्यांच्यापुढे आणून टाकायचा. धनुकलीचा आवाज दाराबाहेरून यायचा, आणि उन्हात उडालेली कापसाची पुंजकी भिंतीवर मात्र वर न जाता खाली, आमच्या अंगाकडे उतरत यायची. आम्ही बर्फ फक्त पुस्तकातल्या चित्रात पाहिला होता. वैशाखातल्या त्या भाजून काढणाऱ्या दुपारी धरणगावात तो रोज पडायचा.

पुढे आठवीत आमच्या सरांनी खोक्याला टाचणीने भोक पाडून हाच प्रकार वर्गात दाखवला. किरण सरळ रेषेत जातात म्हणून चित्र उलटं पडतं, हे मी धावत घरी येऊन मधूला सांगितलं. त्याने शांतपणे ऐकून घेतलं.

"ते तुमच्या शाळेतलं झालं," तो म्हणाला. "आपलं निराळं आहे."

आपलं म्हणजे पालथा देश. नाव मधूनेच दिलं होतं. तिथली घरं जमिनीला लोंबतात, केळीचे घड वर वाढतात, आणि विहिरीतलं पाणी वर राहतं, कारण त्याला दुसरं काही माहीत नाही. हे सगळं आम्ही एकाच उन्हाळ्यात रचलं. बाकीचे उन्हाळे त्याला पुरवण्या जोडण्यात गेले. पण त्या देशातली खरी जागा एकच होती. ती म्हणजे वेधशाळा.

तिचाही उगम घरातच होता. संध्याकाळी रेडिओवर बातम्यांच्या शेवटी वेधशाळेचा अंदाज सांगत. उद्या उष्णतेची लाट, आभाळ निरभ्र. वडील रेडिओकडे बघून दर वेळी तेच म्हणायचे, "यासले तठे बशीसन काय दिसस?" तिथं बसून यांना काय दिसतं, हा वडिलांचा टोमणा मधूने खरा प्रश्न धरला आणि त्यावर दोन दिवस विचार केला. मग त्याने मला सांगितलं, की वेधशाळा आपल्या देशात नाहीच, ती पालथ्या देशात आहे. केळीच्या खांबांचा एक उंच मनोरा, जमिनीपासून खाली आभाळात सोडलेला. त्याच्या टोकाशी वेधकार बसतात, पाय वर करून.

"तारे बघत?" मी विचारलं.

"तारे कशाला? तारे त्यांच्या अंगणात सांडलेले असतात. ज्वारीसारखे. लांब असतात ती माणसं. ते माणसं बघतात."

वेधशाळेचं काम एकच: कोण येतंय ते वेळेत सांगणं. वळणावर माणूस दिसला की मधू बारीक आवाजात जाहीर करायचा, "पोस्टमन. उजव्या खांद्याला पिशवी." "बर्फाचा गोळेवाला, घंटी बंद." "मामा. हातात टरबूज." कडी वाजायच्या आत आम्हाला सगळं ठाऊक असायचं. मामा आत येऊन टरबूज ठेवायचा आणि मधू म्हणायचा, "माहीत होतं." मामाला वाटायचं, पोराच्या अंगात काहीतरी आहे. एकदा मी विचारलं, जाणाऱ्याची नोंद कोण ठेवतं? मधूला तो प्रश्नच आवडला नाही. जाणाऱ्याची नोंद वेधशाळा घेत नाही, तो म्हणाला. परत येतो तेव्हा दिसतोच की.

मग ग्रहणं. रस्त्यावर एखादी बैलगाडी नेमकी आमच्या दारासमोर थांबली की भोक झाकलं जायचं आणि भिंत काळी पडायची. ते ग्रहण. ग्रहणात जेवायचं नाही आणि सुटलं की अंघोळ करायची, हे आम्ही आईकडून शिकलो होतो आणि पालथ्या देशाला जसंच्या तसं लागू केलं होतं. एका दुपारी आई उठून कैरीचं पन्हं घेऊन आली. मधूने तोंड फिरवलं.

"ग्रहण लागेल शे," तो म्हणाला.

"कसानं ग्रहण?"

"दारमा बैलगाडी उभी शे."

आई क्षणभर त्याच्याकडे बघत राहिली. "मंग काय गाडीवालाले पाजू पन्हं?"

गाडी गेली, आणि मधूने न्हाणीत जाऊन डोक्यावर तांब्यामागून तांब्या ओतून घेतले. नळाला पाणी कधी येईल याचा भरवसा नसलेलं आमचं गाव. आईने रिकामी बादली पाहिली आणि सगळी गल्ली जागी झाली. "बठ्ठं पानी सांडी टाकं रे! तुन्हा ग्रहणसाठे आते विहीर खंदू का?" मागच्या खोलीतून वडील झोपेतच म्हणाले, "वेधशाळाले इचार, कोठे पानी लागी." मधूने हे मनावर घेतलं, आणि पुढचे काही दिवस आम्ही वेधकारांना पाण्याबद्दल विचारत होतो. त्यांनी काही कळवलं नाही.

आता हे लिहिताना वाटतं, आम्ही फार काही रचलं नव्हतं. घरात जे होतं तेच उलटं टांगलं होतं. पण दोन मुलांनी मिळून टांगलेलं होतं, एवढं खरं.

लग्न होऊन मी धुळ्याला आले. आखाजीला सासरी असलेल्या मुलीला माहेरी न्यायला जो येतो त्याला आमच्याकडे मुऱ्हाळी म्हणतात. मधू दर वर्षी मुऱ्हाळी म्हणून यायचा. धुळ्याहून एरंडोलपर्यंत बस, तिथून धरणगावची दुसरी. मी नोकरी करणारी बाई, एकटी आरामात गेले असते. पण तो यायचाच. पहाटेच्या गाडीने यायचा, चहा प्यायचा, माझी पिशवी उचलायचा. बसमध्ये खिडकीची जागा मला द्यायचा आणि पारोळा मागे पडलं की हळूच म्हणायचा, "वेधशाळेत कळलंय, तू येतेस म्हणून." केस पांढरे झाले तरी म्हणायचा. माहेरी मात्र आखाजीचा गोंधळ. दारं सताड उघडी, झोके, गाणी, खापरावरच्या पुरणपोळ्या, आमरसाची पातेली. भिंतीसमोर बसायला दुपार उरायचीच नाही. वेधशाळा आमच्या बोलण्यात तेवढी शिल्लक राहिली. आम्ही ती कुणापासून लपवली नव्हती. पन्नाशीच्या माणसांनी असलं काय सांगायचं, म्हणून कुणाला सांगितली नाही, इतकंच.

मधू गेल्या पावसाळ्यात गेला. मूत्रपिंडाचा आजार; उन्हाळाभर पुढच्या खोलीतच खाट टाकून होता. मी सकाळच्या बसने जायची. मी असायची त्या दिवशी भेटायला येणाऱ्यांची रीघ, दार उघडं, खोलीत ऊन आणि चपलांचा ढीग. तो माझ्याकडे बघून भिंतीकडे डोळे वळवायचा. मला वाटायचं, थकलाय.

माणूस गेल्यावर लोक आठवणी सांगतात, त्या सगळ्यांच्या असतात. मधू गणितात हुशार होता, मधूला वांग्याचं भरीत आवडायचं, हे गाव सांगतं. पण दोघांचंच असलेलं एखादं गाव असतं. त्यातला एक गेला की दुसऱ्याला तिथला रस्ता सापडत नाही. या वर्षभरात मी पालथ्या देशाची उजळणी करायला बसले, तर किती गोष्टी हरवलेल्या. वेधकारांचा मुख्य कोण होता? त्याला एक नाव होतं. आम्ही ते रोज घ्यायचो. विचारायला कुणी नाही.

चैत्र संपता संपता शैलाचा फोन आला. शैला म्हणजे मधूची बायको, धरणगावातच अंगणवाडीत आहे.

"अक्का, आखाजीला घागर भरायची आहे त्यांच्या नावाने. पहिलीच." मग म्हणाली, "यंदा घ्यायला कोण येईल? तुमच्या तुम्हीच या."

मी गेले. खिडकीची जागा मिळाली. पारोळा मागे पडलं.

मातीची नवी घागर, तिच्यावर डेरगं म्हणजे लहानसं मडकं, वर खरबूज आणि सांजोऱ्या. माझ्या भाच्याने, म्हणजे मधूच्या मुलाने, पुण्याहून येऊन पूजा केली. पितर म्हणून मधूचा शाळेतला एक मित्र जेवायला बसवला होता. तो बिचारा मान खाली घालून जेवला. शैला वाढायला वाकली की त्याचा हात थांबायचा. सगळे उठले, भांडी झाली, मुलगा मागच्या खोलीत कूलरसमोर झोपला. शैलाने पुढचं दार लावलं, ट्यूबलाइट लावली आणि माझ्याजवळ येऊन बसली. त्याची खाट होती ती जागा मोकळीच ठेवलेली होती.

"अक्का, एक सांगू? कुणाला बोलले नाही."

"सांग ना."

"शेवटी शेवटी त्यांचं डोकं ठिकाणावर नव्हतं." ती पदराचं टोक बोटाला गुंडाळत होती. "डॉक्टर म्हणालेच होते, या आजारात माणूस भ्रमतो. पण मला वाटायचं, मला तरी ओळखतील. मी अंगणवाडीतून यायची, दार उघडायची, तर हे हसून म्हणायचे, आलीस का? पाय वर करून आलीस. एकदा म्हणाले, छताला लटकून किती भरभर चालतेस गं. पिशवीत काय आहे ते मी दाखवायच्या आधी सांगायचे. भीती वाटायची हो. एवढी वर्षं संसार केला त्या माणसाला मी वटवाघूळ दिसत होते."

ती हसायला गेली, पण हसू आलं नाही.

"मी म्हणायची, बरं, झोपा आता. दुसरं काय बोलणार? आणि जेवणाचं तर काय सांगू. चमचा पुढे केला की कधी कधी तोंड फिरवायचे. म्हणायचे, ग्रहण लागलंय. मी उठून कॅलेंडर बघायची. ग्रहण कुठलं? बाहेर तो मेला टेम्पोवाला दारातच टेम्पो लावून उभा. त्याच्याशी भांडू, का यांना भरवू? आता रोज तेच डोक्यात येतं, की शेवटच्या उन्हाळ्यात हे माझ्याशी बोलतच नव्हते. कुणाशी तरी भलत्याशीच बोलत होते."

मी दाराकडे पाहिलं. मग विचारलं, "टेम्पो दारासमोर होता ना? अगदी दारासमोर?"

"हो. का?"

"दाराला भोक होतं ते कुठे गेलं?"

"आहे की. बोळा घातलाय चिंधीचा. झळ येते ना त्यातून. तेव्हाही घालायची, तर म्हणायचे काढ, काढ. श्वास कोंडतोय वाटायचं, म्हणून काढून ठेवायची." तिने माझ्याकडे पाहिलं. "काय झालं अक्का?"

"बोळा काढ. आणि दिवा घालव."

तिने काढला. काळोखात आम्ही दोघी फरशीवर शेजारी शेजारी बसलो. "काही नाही दिसत," ती म्हणाली. मी म्हटलं, थांब. आतून कूलरचा आवाज येत होता. मलाही खात्री नव्हती. भिंतीला आता चुना नाही, पिवळट ऑइलपेंट आहे. पण रस्ता आला. आधी छताजवळचा पांढरा पट्टा, तो काँक्रीटचा रस्ता. मग समोरचा ओटा. रहीमचाचा जाऊन खूप वर्षं झाली. त्यांचा मुलगा सलीम तिथं तयार गाद्या विकतो, त्यांच्या निळ्या-जांभळ्या गुंडाळ्या उलट्या उभ्या होत्या. एक मोटारसायकल छतावरून सरकत गेली. तिच्यामागून आखाजीचा नवा झगा घातलेली एक मुलगी, डोकं खाली, दोन्ही हातांत कसलंतरी पातेलं सांभाळत.

शैला माझा दंड धरून बसली होती.

मी तिला सगळं सांगितलं. शेळी, बर्फ, वेधकार, बैलगाडी, तांब्यामागून तांब्या. हेही सांगितलं, की सगळंच काही शुद्धीतलं नसेल. एकदा त्याने स्वतःच्या मुलाला आमच्या वडिलांच्या नावाने हाक मारली होती, ती माझ्यासमोर. पण पाय वर करून येणारी बाई त्याला खरोखर दिसत होती.

"हे रोज असायचं?" तिने विचारलं.

"ऊन असेल तोवर रोज."

"मग मला कसं दिसलं नाही?"

"तू आलीस की दार उघडायचीस. उजेड आत यायचा. दार लावलंस की मघासारखी ट्यूब लावायचीस."

तिने भिंतीकडे पाहिलं. "म्हणजे मी घरात पाय टाकला की मी पुसली जायची."

"भिंतीवरून."

"आणि कुठून दिसायची त्यांना?"

"वळणापासून."

"रोज वळणापासून?" तिने स्वतःशीच विचारलं. मग ती उठली, खुंटीवरची तिची अंगणवाडीची पिशवी काढली आणि माझ्या हातात दिली. "तुम्ही बाहेर जा अक्का. मागच्या दाराने जा, हे उघडू नका. वळणापासून चालत या."

"आत्ता?"

"मी याच वेळेला यायची." मी कोपऱ्यातली छत्री घ्यायला लागले तर ती म्हणाली, "छत्री नको. मी घेत नव्हते. पदर घ्या डोक्यावरून, आणि पिशवी डाव्या हातात."

मी निघताना मागे वळून पाहिलं. खाट होती त्या जागेवर ती जाऊन बसली होती. मग आडवी झाली.

मागच्या बोळातून वळसा घालून मी वळणावर पोचले. बाहेर डोळे उघडवत नव्हते. रस्त्याची धग चपलेतून वर येत होती आणि अख्ख्या गल्लीत माणूस नव्हतं. मी पदर डोक्यावर ओढला, पिशवी डाव्या हातात घेतली आणि चालायला लागले. मी कशी दिसत असेन ते मला कळत नव्हतं. शैला भरभर चालते, म्हणून मीही भरभर चालायचा प्रयत्न केला. सलीम दुकानाच्या पडद्याआडून डोकावला.

"अक्का, इतक्या धुपेत? घरी कुणी नाही का? दार वाजवू?"

मी मानेनेच नको म्हटलं. दार जवळ आलं, त्यातलं ते काळं भोक जवळ आलं. मी कडीला हात घातला.

"उघडू नका," आतून शैलाचा आवाज आला. भोकाच्या अगदी जवळून नाही, खोलीच्या मधून, झोपलेल्या माणसासारखा. मी हात तसाच ठेवून उभी राहिले. आत ती रडत होती की नाही ते समजत नव्हतं.

"अक्का, परत जा ना. वळणापासून पुन्हा या," ती म्हणाली. "मी फार भरभर यायची. तुम्ही सावकाश या."

मी मागे फिरले.